तेत्सु दमून झोपला आहे

१२ फेब्रुवारी, मंगळवार

शब्द गळून पडलेत म्हणे! अख्ख्या पुस्तकाचे. फोनवरची बाई शांतपणे सांगत होती आणि इकडे माझ्या हातातला मुळा अर्धा किसलेला तसाच राहिला.

बाई म्हणजे फुयुको इवाकिरी. तोहेइ इवाकिरींची मुलगी. ज्यांच्या चित्रकथांपायी आमच्या मुलाने दोनदा परीक्षा बुडवली, ज्यांच्या नावाचं टपालतिकीट निघालं, तेच इवाकिरी. गेल्या जूनमध्ये वारले. तिला त्यांच्या कपाटाच्या वरच्या फळीवर एक खोकं सापडलं. त्यात 'रुळांच्या टोकाचा तेत्सु'ची मूळ पानं. १९५७ साल. त्यांचं दुसरंच पुस्तक, इथे ओसाकात काढलेलं. भाड्याने पुस्तकं देणाऱ्या दुकानांसाठी. त्यांच्या नावाने मंदिर बांधणाऱ्यांनाही हे पुस्तक माहीत नाही.

चित्रं ठणठणीत आहेत. पण बोलण्याच्या फुग्यांतले शब्द — छापून, कापून, चिकटवलेले — गोंद वाळून झडले. एका पाकिटात सगळे तुकडे. छापील प्रत एकच सापडलीय, तिचा निम्मा भाग फाटलेला, शेवट गायब. एप्रिलमध्ये संग्रहालयात प्रदर्शन आहे, नवी आवृत्तीही निघणार आहे. कुठला शब्द कुठल्या फुग्यात, हे सांगणारं कोणी हवंय.

"वडिलांच्या पत्त्यांच्या वहीत तुमच्या नावापुढे लिहिलंय, 'हामुरोंकडची, शब्द चिकटवणारी.' त्या तुम्हीच ना, ओरिबेबाई?"

मी हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार? हामुरो प्रकाशनातलं जिवंत माणूस मी एकटी.

पंचावन्न वर्षं ज्या एका पानाची धास्ती घेतली, ते पान सापडलं.

१३ फेब्रुवारी

आमचे हे म्हणतात जा. म्हणजे नुसतं "जा" म्हणाले आणि पुन्हा वर्तमानपत्रात तोंड घातलं. इवाकिरी हे नाव निघालं की यांचं असंच होतं.

१५ फेब्रुवारी, शुक्रवार

इथे तरी लिहून टाकते. कागदाला काय, तो कुठे बोलतो!

मी एकोणीस वर्षांची होते. मात्सुयामाची नावाच्या भागात, खेळणी आणि गोळ्या-बिस्किटांच्या घाऊक दुकानांच्या मागे, माडीवर हामुरो प्रकाशन. मालक हामुरो, एक हिशोबनीस, आणि मी. चित्रकार पान आणून द्यायचा, फुग्यात पेन्सिलने लिहिलेलं असायचं. ते शब्द छापखान्यातून छापून यायचे, मी कापायची, रबराचा गोंद लावून पेन्सिलीवर चिकटवायची. दिवसाला तीस पानं. गोंद एका पोचे गेलेल्या अ‍ॅल्युमिनियमच्या वाडग्यात ठेवलेला, त्याला मी तारेची कडी बसवली होती, कुठेही उचलून नेता यावा म्हणून. इवाकिरी पहिल्यांदा माडीवर आले तेव्हा वाडगा बघून म्हणाले, "कुत्र्याला जेवायला घालता का यात?" बावीस वर्षांचा पोरगा, कोट उसना, पण जीभ स्वतःची. मला राग आला होता.

'तेत्सु' त्यांनी फार जीव ओतून काढलं. तेत्सु हा रेल्वेच्या फाटकवाल्याचा काळा कुत्रा. फाटकवाल्याची बदली होते, कुत्रा मागे राहतो, गाडीमागे धावत सुटतो. शंभर पानं धावतो. शेवटच्या पानावर नुसतं बर्फ, संपलेले रूळ, लांब धुराची रेघ आणि आडवा पडलेला तेत्सु. डोळे मिटलेले. खाली एक चौकट, तिच्यात पेन्सिलने — "तेत्सु पुन्हा उठला नाही."

ते मला चिकटवता येईना.

१९४४ च्या हिवाळ्यात सैनिकांच्या कोटांना कातडी हवी म्हणून घरोघरचे कुत्रे मागवले होते. आमचा गोमा. आई त्याला घेऊन पोलीस ठाण्याच्या अंगणात गेली आणि नुसती दोरी घेऊन परत आली. मी सहा वर्षांची. "झोपलाय तिकडे," म्हणाली. मी वर्षभर विश्वास ठेवला. त्या वर्षभराबद्दल मी आईला कधीच दोष दिला नाही.

तर मी रद्दीच्या टोपलीतून उरलेले तुकडे काढले. एकेक अक्षर कापलं. जुळवलं — "तेत्सु दमून झोपला आहे. सकाळी त्याला लांब जायचं आहे." चित्रात काहीच बदलावं लागलं नाही. मिटलेले डोळे दोन्हीकडे चालतात! चिकटवलं, पानं छापखान्यात गेली, पुस्तक निघालं. इवाकिरी तोवर तोक्योला निघून गेले होते. मालकांनी शेवटचं पान पाहिलंही नाही, त्यांचा विश्वास होता माझ्यावर.

पुढे इवाकिरींचं नाव झालं. आणि त्यांची ती ख्याती — शब्दाला हात लावाल तर पान परत घेऊन जाईन. एका टिंबावरून त्यांनी मोठ्या मासिकाचं काम सोडलं होतं. दातांच्या डॉक्टरकडे मासिकात त्यांची मुलाखत वाचली. "एकदाच कोणीतरी माझे शब्द बदलले. त्यानंतर मी कोणाला हात लावू दिला नाही." दाढ दुखायचीच थांबली माझी!

१६ फेब्रुवारी

कार्डांचं लिहायचं राहिलं. दर नवीन वर्षाला त्यांचं कार्ड यायचं. आळीपाळीने बारा प्राण्यांची बारा वर्षं; जगातला माणूस कार्डावर त्या वर्षाचा प्राणी काढतो. १९५८ कुत्र्याचं होतं, कुत्रा आला, समजलं. १९५९ रानडुकराचं — कुत्रा! १९६० उंदराचं — पुन्हा कुत्रा! तेव्हा उमगलं. विसरलो नाही, असं सांगतायत. उत्तर न देणं म्हणजे तोंडावर दार लावणं, म्हणून मीही दर वर्षी दोन ओळी पाठवल्या, थंडी फार आहे, तब्येत सांभाळा. लग्न झालं, घर बदललं, तरी कुत्रा पाठ सोडीना. मी पत्त्याची बाजू वाचायची, चित्रावर एक नजर, कुत्रा दिसला की कार्ड बिस्किटांच्या डब्यात. दोघांच्या घरचे सुतकाचे तीन हिवाळे सोडले तर एक साल चुकलं नाही. गेल्या वर्षीच्या कार्डावर तर शुभेच्छाही नव्हत्या. कुत्रा आणि खाली रिकामी चौकट. हात थकला असेल, लिहायचं राहिलं असेल.

यंदा आला नाही. डिसेंबरमध्ये काळ्या काठाचं कार्ड आलं — वडील वारले, या वर्षी शुभेच्छा नाहीत. मला सुटल्यासारखं वाटलं, आणि लगेच लाज.

१९ फेब्रुवारी, मंगळवार

संग्रहालयात गेले. मागच्या खोलीत लांब टेबल, पांढरा कापूस, पानं एकेक करून मांडलेली. तेराशिता नावाची मुलगी आहे, जुने कागद दुरुस्त करणारी. तिशीची असेल. मला हातमोजे द्यायला लागली. म्हटलं, बाई, मी ही पानं उघड्या हातांनी चिकटवलीयत, दुपारचा भातगोळा खाता खाता. ती हसली. "मग अठ्ठाविसाव्या पानावरचा डाग तुमचा, आजी. मी आठवडाभर त्याची तपासणी करतेय."

फुयुको वेगळीच. पंचावन्नची, ताठ, केस चापून बसवलेले. बापाचीच नजर. मला खाली वाकून नमस्कार केला आणि मग दिवसभर माझ्या बोटांवर लक्ष ठेवलं.

कामाचं सांगते — मजा आली! पाकिटातून चिमट्याने तुकडा उचलायचा, फुग्यात धरून बघायचा. आधी वाटलं आठवणार नाही. पण कात्री चालवण्याची माझी सवय अशी की डावा कोपरा किंचित तिरका जातो. त्या तिरकेपणावरून तुकडा कुठे बसेल ते बोटांनाच कळत गेलं. संध्याकाळपर्यंत बावीस पानं. फाटकवाला पुन्हा बोलायला लागला, स्टेशनमास्तर ओरडायला लागला.

शेवटचं पान टेबलाच्या टोकाला होतं. मी तिकडे गेले नाही.

२१ फेब्रुवारी

पाठ धरलीय. यांनी शेकायची पिशवी दिली, न विचारता. 

२६ फेब्रुवारी, मंगळवार

व्हायचं तेच झालं.

फुयुकोला वडिलांची कच्ची वही सापडलीय, 'तेत्सु'चा आराखडा. तिने ती उघडून शेवटच्या पानाशेजारी ठेवली. वहीत — "तेत्सु पुन्हा उठला नाही." पानावर — माझं वाक्य. आणि गंमत अशी की सगळे शब्द गळाले, तो एकच तुकडा घट्ट चिकटून राहिलाय! मेला गळून तरी जायचा.

तेराशिताने भिंग दिलं. "हे बघा, आजी. ही पट्टी सलग छापलेली नाही. एकेक अक्षर वेगवेगळ्या तुकड्यांतून आणलंय. हे एक तर जरा मोठंच आहे."

मोठंच आहे. 'लांब'मधलं. दुसरं मिळालं नव्हतं.

मग फुयुकोने भिंतीवर लावायचा मजकूर वाचून दाखवला. "इवाकिरी यांच्या या सुरुवातीच्या कृतीचा शेवट प्रकाशक हामुरो यांनी लेखकाला न विचारता बदलला. नव्या आवृत्तीत मूळ शेवट पुन्हा दिला आहे."

हामुरोंनी! ज्या माणसाने त्या काळात मूळ पानं चित्रकाराला परत पाठवली, जे कोणीच करत नसे. मला स्वतः सांगितलं होतं, "किनु, नीट बांध, हे त्याचं आहे, आपलं नाही." मी मेणकापडात गुंडाळून, दोरी बांधून रेल्वेच्या पार्सलने पाठवलं. माझा बाप आजारी होता तेव्हा रोज संध्याकाळी डबा भरून द्यायचे. बायको-मुलं नव्हती, आता त्यांच्या बाजूने बोलणारं कोणी नाही. मी सोडून.

"तुम्हाला आठवतं का, हामुरोंनी असं का केलं?" फुयुकोने विचारलं.

मी म्हटलं, फार वर्षं झाली.

२७ फेब्रुवारी

फार वर्षं झाली! पंचाहत्तर वर्षांची झाले आणि एका मेलेल्या माणसाच्या आड लपले.

१ मार्च

जाणार नाही असं कळवावं, असं सकाळी ठरवलं. तब्येतीचं कारण. फोन उचलला, ठेवला. जेवण गेलं नाही.

३ मार्च, रविवार

आज मुलींचा, बाहुल्यांचा सण. आमच्याकडे मुलगी नाही, तरी मी दर वर्षी आंबट भात करते, वर कमळकाकडीचे काप, अंड्याच्या पट्ट्या. यांना आवडतो म्हणून. वाढला आणि रडूच आलं. यांनी जेवायच्या काड्या खाली ठेवल्या.

सांगितलं सगळं. गोमाचं, कात्रीचं, मालकांचं. हे ऐकत होते. चाळीस वर्षं ट्राम चालवलेला माणूस, मधे बोलत नाही. संपल्यावर म्हणाले, "एवढंच?"

म्हटलं, एवढंच म्हणजे?

"म्हणजे तुमच्यात ते... तसलं काही नव्हतं?"

मला कळेचना. मग कळलं. दर वर्षी एवढा मोठा माणूस माझ्या बायकोला कुत्र्याचं चित्र पाठवतो, ती न बघता डब्यात दडवते, तोंड पाडून बसते. यांनी सरळ अर्थ काढला होता! पन्नास वर्षं मनात ठेवला. मी म्हटलं विचारायचं नाही का? तर म्हणे, "विचारलं असतं आणि हो म्हणाली असतीस तर? रोजचा भात कोणाच्या हातचा खाल्ला असता?"

इतकी हसले की अंड्याची पट्टी घशात अडकली. यांनी पाठीवर थापट्या मारल्या. म्हातारे अगदी कोवळे दिसत होते. दोन वाट्या भात जास्त खाल्ला.

मग गंभीर होऊन म्हणाले, "मंगळवारी जा. सांगून टाक. मी येतो बरोबर, बाहेर बसतो."

४ मार्च

मालकांची कबर कोणत्या देवळात आहे ते शोधलं. जाऊन आले. दगडावर पाणी ओतलं आणि उद्याचं सांगितलं.

५ मार्च, मंगळवार

सांगितलं.

खोलीत शिरल्या शिरल्या, कोट न काढता. थांबले असते तर जमलंच नसतं. म्हटलं, हामुरोंचं नाव खोडा. ते मी केलं. कात्री माझी, गोंद माझा. मालकांना माहीतही नव्हतं. मी बोलले नाही म्हणून पुस्तकाचा शेवट पंचावन्न वर्षं चुकीचा राहिला, आणि तुमच्या वडिलांनी माझ्यामुळे उभा जन्म लोकांशी भांडणं केली. माफ करा असं म्हणायचा मला हक्क नाही, पण माफ करा. आणि कमरेतून वाकले ते वाकलेलीच राहिले, पाठ धरली होती.

  फुयुको म्हणाली, "वडिलांच्या शब्दाला मीसुद्धा कधी हात लावला नाही. माझ्या लग्नाच्या पत्रिकेत त्यांची एक चूक होती. तशीच छापली." आणि खिडकीशी जाऊन उभी राहिली.

बरोबर आहे तिचं. पण खरं सांगते — छातीवरचा पाटा उतरला. ती रागावली होती, तरी उतरला! पंचावन्न वर्षांत पहिल्यांदा मी त्या पानाजवळ आपल्या पायांनी गेले आणि उभी राहिले. तेत्सु आहे तिथेच आहे. बर्फ जरासं पिवळं पडलंय.

तेवढ्यात तेराशिता म्हणाली, "आजी, एक विचारू? तुम्ही रबराचाच गोंद लावायचात ना? सगळीकडे?"

म्हटलं, दुसरा नव्हताच.

"मग हा तुमचा नाही. बाकीचे म्हणूनच गळाले. हा तुकडा खळीने चिकटवलाय. तांदळाच्या. कडेने तुमचा जुना गोंद दिसतो, पिवळा. त्याच्यावर खळ. कोणीतरी तुमचा तुकडा काढला आणि परत लावला."

फुयुको खिडकीतून वळली. "खळ?"

तिच्या आईने म्हणे घरात दुसरा गोंद कधी आणलाच नाही. उरलेल्या भाताची खळ करायची, कागदी दारांना नवे कागद लावायला. बाप त्याच वाटीत बोट घालायचा आणि ओरडा खायचा.

तिघी त्या पट्टीकडे बघत राहिलो. खळ पाण्याने सुटते. पण घाई करून चालत नाही, आधी शाई पाण्याला टिकते का ते बघायचं. पुढच्या मंगळवारी काढू, असं तेराशिता म्हणाली.

हे बाहेर बाकावर झोपले होते. उठवलं, वाफाळते सोबा शेवया खाल्ल्या दोघांनी.

८ मार्च

मंगळवार कधी येणार! तुकडा काढला ते समजतं — आपलेच शब्द खाली बघायला काढला असेल. पण परत का लावला? फाडून टाकायचा ना.

हे म्हणतात, "चिडून काहीतरी लिहिलं असेल खाली. तुझ्या नावाने."

दिलासा द्यायची ही यांची पद्धत.

१२ मार्च, मंगळवार



तेराशिताने ओला टीपकागद ठेवला, वर कोरडा, वर काच. वीस मिनिटं.  फुयुको माझ्या बाजूला उभी होती, तिने माझी बाही धरली होती, तिलाही कळलं नसावं. मग तेराशिताने बांबूच्या पातळ पट्टीने कड उचलली. पंचावन्न वर्षांचं ते वाक्य, माझं, अलगद सुटून आलं. एक अक्षरही फाटलं नाही.

खाली "तेत्सु पुन्हा उठला नाही" हे नव्हतंच. खोडरबराने पुसलेलं होतं, खरवडून. त्यावर पेन्सिलीने, बारीक —

"हे माझ्या वाक्यापेक्षा चांगलं आहे. कोणी केलं ते ओळखलं. राहू दे. यापुढे मात्र कोणाला करू देणार नाही. १९५७, डिसेंबर."

तेराशिताने मोठ्याने वाचलं. मी पुन्हा वाचायला लावलं. मग मला खुर्ची दिली.

म्हणजे ती मुलाखत! "एकदाच कोणीतरी माझे शब्द बदलले." मी रागाची समजले. चोराच्या मनात चांदणं! बावीस वर्षांच्या पोराला गोंद लावणाऱ्या पोरीचं वाक्य आपल्यापेक्षा सरस वाटलं, आणि ते असह्य झालं, आणि त्याने तरी ते ठेवलं. भांडणं केली ती त्यासाठी. पुन्हा कोणी सरस निघू नये!

फुयुको हसायला लागली. आधी नाकातून, मग डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. "हेच. हेच ते. चूक कबूल करायची, पण खळीखाली! आईशी भांडण झालं की माफीची चिठ्ठी तांदळाच्या डब्यात, तळाशी. तिला सापडायची महिन्याने." मग डोळे पुसून, ताठ होऊन, मला वाकून नमस्कार केला. या वेळी बराच वेळ.

भिंतीवरचा मजकूर बदलणार. हामुरोंनी मूळ पानं परत केली, म्हणून आज ती आहेत, असं लिहिणार. ते वाक्य मी सांगितलं, तिने उतरवून घेतलं. एका शब्दालाही हात लावला नाही. आणि पुस्तकात तेत्सु झोपलेलाच राहणार. पट्टी परत लावायची होती. तेराशिताने ब्रश माझ्या हातात दिला. खळीचा.

जिवात जीव आला. इतकंच लिहिते. जिवात जीव आला.

१३ मार्च

निघताना फुयुकोने विचारलं होतं, "पण त्यांनी ओळखलं कसं, तुम्हीच ते?" म्हटलं, अक्षरांचे तुकडे जोडणारं दुसरं होतं कोण तिथे. पण मनाला पटलं नव्हतं. हिशोबनीसही असू शकला असता.

आज सकाळी बिस्किटांचा डबा काढला. बावन्न कार्डं. यांनी चटईवर सालवार मांडली, गुडघ्यांवर रांगत. मी भिंग घेतलं. कधी धड बघितलीच नव्हती!

पहिल्या कार्डात तेत्सु उठून बसलाय. बर्फ झटकतोय. १९५९ मध्ये चालायला लागलाय, रूळ सोडून. मग डोंगर. मग पूल. मग समुद्राकाठी, शिंपल्यांचा वास घेताना. एका साली होक्काइदोच्या बटाट्याच्या शेतात. एका साली नारिंगांच्या बागेत. जिथे इवाकिरी त्या वर्षी गेले असतील तिथे तो. सकाळी त्याला लांब जायचं होतं ना! बावन्न सकाळी चालत राहिला.

हे म्हणाले, "तोंडात काय धरलंय याने? प्रत्येकात आहे."

वाडगा. पोचे गेलेला. तारेची कडी.

 यांनी चहा केला, कडू केला, प्यायले.

१४ मार्च

गेल्या वर्षीचं, शेवटचं कार्ड. तेत्सु घराच्या उंबऱ्याशी पोचलाय. वाडगा खाली ठेवलाय. आडवा झालाय, डोळे मिटून — अगदी त्या शेवटच्या पानावरच्यासारखा. खाली रिकामी चौकट. ती शुभेच्छांची जागा नव्हतीच.

सकाळच्या वर्तमानपत्रातून अक्षरं कापली. कालच्या भाताची खळ केली. एकेक अक्षर चिकटवलं — तेत्सु दमून झोपला आहे. सकाळी त्याला लांब जायचं आहे.

एक अक्षर जरा मोठं आलंय. राहू दे.